पटकथा : दोन नावं

मिर्यामी कुओस्मानेनबद्दल दोन ओळी लिहायची वेळ आली की पहिली ओळ बहुधा ठरलेली असते : दिग्दर्शक एरिक ब्लोमबेर्ग यांची पत्नी. दुसरी ओळ : ‘द व्हाइट रेनडिअर’ची नायिका. मग लिहिणारा ब्लोमबेर्गच्या कॅमेऱ्याकडे वळतो, बर्फाकडे वळतो, कानच्या पुरस्काराकडे वळतो, आणि बाई पुन्हा सापडते ती थेट शेवटी, १९६३ साली, वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी वारलेली. यातलं एकही वाक्य खोटं नाही. ती पत्नी होती, नायिका होती, लवकर वारली. फक्त एक गोष्ट गाळलेली असते, आणि ती गाळली की बाकीच्या खऱ्या गोष्टी मिळून एक खोटं तयार होतं.

तो सिनेमा तिनं लिहिलाय. नवऱ्यासोबत लिहिलाय, पण लिहिलाय. पटकथेसाठी दोन नावं आहेत, एरिक ब्लोमबेर्ग आणि मिर्यामी कुओस्मानेन. हे काही कुठल्या पेटीत सापडलेलं गुपित नाही. कुठल्याही माहितीपानावर दिसतं, आणि लोक त्यावरून नजर फिरवून पुढे जातात. माझं भांडण त्या पुढे जाण्याशी आहे.

आधी सिनेमाबद्दल, कारण अनेकांनी त्याची फक्त चित्रं पाहिलेली असतात : पांढऱ्याशुभ्र बर्फात सुळे बाहेर आलेली एक बाई. फिनिश नाव ‘वाल्कोइनेन पेउरा’, म्हणजे पांढरं रेनडिअर. १९५२ चा, कृष्णधवल, तासाभराहून थोडासाच मोठा, आणि त्यात बोलणं इतकं कमी की सबटायटल्सना फारसं कामच नाही. जुलै महिन्यात तो फिनलंडमध्ये लागला तेव्हा हेलसिंकीत ऑलिंपिक चालू होतं. पुढच्या वर्षी तो कानला गेला. तिथे ज्याँ कॉक्तो परीक्षकांचा अध्यक्ष होता, आणि त्या वर्षी साहसपट, विनोदी चित्रपट अशी वर्गवारी करून आंतरराष्ट्रीय बक्षिसं वाटली गेली. या सिनेमाला दंतकथापटाचं मिळालं. १९५७ मध्ये परदेशी चित्रपटासाठीचं गोल्डन ग्लोबही मिळालं, चार इतर चित्रपटांसोबत वाटून.

गोष्ट उत्तरेकडच्या लॅपलंडमधली. एक गरोदर बाई बर्फातून धडपडत एका वस्तीपर्यंत पोचते, मुलीला जन्म देते आणि मरते. मुलगी, पिरिता, परक्यांत वाढते. मोठी झाल्यावर आपल्याला ती दिसते ती रेनडिअरच्या घसरगाड्यांच्या शर्यतीत, पुरुषांच्या बरोबरीनं गाडी पिटाळताना, खदखदून हसताना. अस्लाक नावाच्या रेनडिअर पाळणाऱ्या तरुणाशी तिचं लग्न होतं. आणि लगेच सुरू होतं ते या धंद्याचं खरं रूप : कळप चरतो तिकडे नवरा जातो, आठवडेच्या आठवडे येत नाही. घरात पिरिता एकटी. नवऱ्यानं भेट दिलेलं एक पांढरं पाडस सोबतीला.

मग ती उठते आणि त्साल्क्कु-निला नावाच्या मांत्रिकाकडे जाते. नवरा आपल्याकडे ओढला जावा म्हणून काहीतरी दे, म्हणते. मांत्रिक काढा करतो, ढोल काढतो. ढोलाच्या कातड्यावर एक लहानसा दर्शक असतो, तो थापेसरशी उड्या मारत चित्रांवरून फिरतो आणि त्यावरून भाकीत करायचं. इथे सिनेमातला माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचा क्षण येतो. पिरिता ढोलावर हात धरते आणि दर्शक आपोआप फिरायला लागतो. मांत्रिक घाबरतो. ज्या बाईला तो शक्ती देणार होता तिच्याकडे ती आधीपासून आहे, आणि त्याच्यापेक्षा जास्त आहे.

अट अशी असते की घरी परतताना जो पहिला जीव भेटेल त्याचा दगडाच्या देवासमोर, सेइतासमोर, बळी द्यायचा. भेटतं ते पांढरं पाडस. ती त्याला ओढत नेते. बर्फातून रेनडिअरची शिंगं वर आलेली ती जागा एकदा पाहिली की विसरता येत नाही. बळी दिला जातो, आणि मागितलेलं तिला मिळतं, पण भलत्याच मापात. नवरा हवा होता. आता प्रत्येक रेनडिअरवाला तिच्यामागे धावणार. ती पांढरी रेनडिअर होऊन पळते, पुरुष हावेनं पाठलाग करतात, आडबाजूच्या दरीत ती पुन्हा बाई होते आणि त्यांना मारते. गावकरी लोखंडाचे भाले घडवायला लागतात. अस्लाकही घडवतो. शेवटी पांढऱ्या रेनडिअरला ज्याचा भाला लागतो तो तोच, आणि बर्फात पडलेली असते त्याची बायको.

हे सगळं सांगितलं कारण मला पुढचं विचारायचं आहे : ही गोष्ट कुणाच्या बाजूनं सांगितलेली आहे?

दहा वर्षं आधी, १९४२ मध्ये, हॉलिवूडमध्ये ‘कॅट पीपल’ नावाचा सिनेमा आला होता, जाक तूर्नरनं दिग्दर्शित केलेला. त्यातही एक बाई आहे जी जनावर होते, किंवा आपण होऊ अशी तिला भीती आहे. पण तिथली इरेना स्वतःच्या इच्छेला घाबरते. नवऱ्याला जवळ येऊ देत नाही, कारण जवळ आला तर आपलं काय होईल याचा तिला धसका आहे. पिरिताचं उलट. तिला नवरा हवा आहे, तो नाही, आणि ती वाट पाहत बसत नाही. तिला शाप लागतो तो इच्छा असल्याबद्दल नाही. ती पुरी करून घ्यायला तिनं पाऊल उचलल्यावर लागतो. हा फरक लहान वाटतो पण सगळा सिनेमा त्यावर उभा आहे. भयपटात राक्षस झालेल्या बाया पुष्कळ आहेत. पण ज्यात राक्षस होण्याआधीचा तिचा कंटाळा, एकट्या घरातली तिची रात्र, नवरा परत आल्यावर तिच्या तोंडावर येणारी आशा आणि तो दमून झोपल्यावरची निराशा यांना इतका वेळ दिला आहे, असा त्या काळातला दुसरा भयपट मला दाखवा.

आता लोक काय म्हणतात? म्हणतात, ब्लोमबेर्गनं हे किती सुंदर टिपलं आहे.

टिपलं आहेच. आक्षेप येण्याआधी तो मीच मांडते आणि दमदार मांडते : एरिक ब्लोमबेर्ग हा काही खुर्चीत बसून ‘ॲक्शन’ म्हणणारा माणूस नव्हता. तो आधी छायाचित्रकार. तीसच्या दशकात न्युर्की तापिओवाराच्या सिनेमांवर त्यानं काम केलेलं होतं. हा त्याचा दिग्दर्शक म्हणून पहिलाच कथापट, आणि यात दिग्दर्शन त्याचं, कॅमेरा त्याचा, संकलन त्याचं, पटकथेत अर्धा वाटा त्याचा. एकाच माणसानं इतकं केलं असेल तर सिनेमा त्याच्या नावानं ओळखला जाणार, यात चुकलं काय?

चुकलं हे की ‘त्यानं पुष्कळ केलं’ यावरून ‘सगळं त्यानं केलं’ असं निघत नाही. आणि दुसरं म्हणजे नेमक्या याच सिनेमात कॅमेऱ्याचं काम अभिनयावर विलक्षण अवलंबून आहे. बाईचं जनावर होणं इथे मेकअपचे थर चढवून दाखवलेलं नाही. बाई पळते, पुढच्या तुकड्यात रेनडिअर पळतं. हे पटायचं कशावर? रेनडिअर अभिनय करत नाही. त्याच्या डोळ्यांत तुम्हाला जी भीती, जी मजा, जी लाज दिसते ती एक क्षण आधी कुओस्मानेनच्या चेहऱ्यावर असते आणि तुम्ही ती नकळत जनावराला उसनी देता. ती नसेल तर उरतो लॅपलंडच्या रेनडिअरवरचा एक उत्तम माहितीपट.

एक साधा हिशोब कुणी करताना दिसत नाही. कुओस्मानेनचा जन्म १९१५ चा. सिनेमा लागला तेव्हा ती छत्तीस वर्षांची होती. नवी नवरी, शर्यतीत गाडी पिटाळणारी तरुणी, जिच्यामागे गावातले पुरुष वेडे होतात अशी बाई, ही भूमिका छत्तिसाव्या वर्षी. कुठला स्टुडिओ देतो अशी भूमिका त्या वयाच्या नटीला? तेव्हाही नाही, आत्ताही नाही. तिला ती कुणी दिली नाही. तिनं ती लिहिण्यात भाग घेतला आणि मग केली. आणि त्यासाठी तिला फिनलंडचा सगळ्यात मोठा चित्रपट पुरस्कार, युस्सी, मिळाला. या क्रमाकडे जरा नीट पाहा, कारण ‘दिग्दर्शकानं बायकोला घेतलं’ असं म्हटलं की हाच क्रम उलटा होतो.

आता हे सारखं सारखं का होतं, याबद्दल. एक कारण फ्रान्समध्ये सापडतं. जानेवारी १९५४ मध्ये फ्रांस्वा त्र्युफोनं ‘काहिए द्यु सिनेमा’मध्ये एक गाजलेला लेख लिहिला. तो तेव्हाच्या फ्रेंच सिनेमावर भडकला होता, आणि त्याच्या रोखात होते ते पटकथाकार, ओरांश आणि बोस्त ही जोडी. हे लोक कादंबऱ्या उचलतात, चकचकीत संवाद लिहितात आणि दिग्दर्शक फक्त त्यांना चित्रं चिकटवतो, असा त्याचा राग. सिनेमाचा खरा लेखक दिग्दर्शक असला पाहिजे, असा विचार यातून पुढे रुजला. त्या वेळी त्यात दम होता. एका साचेबंद व्यवस्थेविरुद्ध ते तरुण पोरांचं बंड होतं. पण बंडाचा पुढे नियम झाला आणि नियम झाल्यावर तो मागच्या सिनेमांनाही लागू झाला, दूरच्या देशांनाही लागू झाला. नवरा-बायकोनं मिळून लिहिलेला १९५२ चा फिनिश सिनेमाही मग आपोआप ‘ब्लोमबेर्गचा सिनेमा’ झाला.

दुसरं कारण जास्त कंटाळवाणं आणि जास्त खरं आहे : याद्या. मी सॉफ्टवेअर लिहून पोट भरते, त्यामुळे मला याद्यांची भीती वाटते ती त्यांच्या रकान्यांमुळे. माहिती साठवायची म्हणजे आधी रकाने ठरवायचे, आणि एकदा ठरले की जगातली जी गोष्ट रकान्यात बसत नाही ती नाहीशी होते. सिनेमा साठवायचा तर नाव, साल, देश, दिग्दर्शक. झालं. मोबाइलवर सिनेमाची छोटी चौकट दिसते, तिच्यात मावतं एकच नाव, म्हणून एकच नाव ठेवतात. कुणी कट केला नाही, कुणी बाईविरुद्ध कारस्थान रचलं नाही. फक्त जागा कमी होती, आणि जागा कमी असली की बाहेर कोण राहतं हे ठरलेलं असतं.

आमच्या कामात याच्या उलट एक चांगली सवय आहे. प्रत्येक ओळ कुणी लिहिली, केव्हा लिहिली, हे प्रणाली लक्षात ठेवते. दोघांनी मिळून लिहिलं तर दोघांची नावं लागतात आणि कुणीही नंतर येऊन ‘मुख्य कोण?’ असं विचारत नाही. ज्या आज्ञेनं ही नावं पाहायची तिला म्हणतात ‘गिट ब्लेम’. ब्लेम, म्हणजे दोष. श्रेय पाहायची वेगळी आज्ञा आणि दोष पाहायची वेगळी, असं नाही. एकच आहे. हे मला फार शहाणपणाचं वाटतं, आणि त्याचा दुसरा अर्धा भाग पुढे येणारच आहे. तो गोड नाही.

त्याआधी फिनलंडबद्दल थोडं, कारण इथे कुणीतरी म्हणेल की अहो, तिकडे तर बायकांना सगळं आधीच मिळालं. खरंय. १९०६ मध्ये फिनिश बायकांना मतदानाचा आणि निवडणूक लढवायचाही हक्क मिळाला, आणि १९०७ मध्ये एकोणीस बायका संसदेत निवडून गेल्या. तेव्हा फिनलंड अजून रशियन झारच्या अमलाखाली होता. पण सिनेमाचं श्रेय मतपेटीतून वाटलं जात नाही. फिनिश स्त्रीनं दिग्दर्शित केलेला पहिला कथापट आला १९३६ मध्ये, ग्लोरी लेप्पानेनचा ‘ओन्नेनपोत्कु’. आणि त्याच वर्षी हेल्ला वुओलियोकीचं ‘निस्कावुओरीच्या बायका’ हे नाटक रंगमंचावर आलं, ते यूहानी तेर्वापा या पुरुषी नावानं. त्यावर सिनेमे निघाले, तिच्या दुसऱ्या नाटकावर तर हॉलिवूडनं ‘द फार्मर्स डॉटर’ काढला आणि लोरेटा यंगला त्यासाठी ऑस्कर मिळालं. टोपणनाव घ्यायचं कारण फक्त बाई असणं नव्हतं. वुओलियोकी डावी होती, तिच्या आधीच्या एका नाटकावर बंदी आली होती, तिचं नाव पाहूनच दारं बंद व्हायची. पण निष्पन्न काय? तिसच्या दशकात फिनिश प्रेक्षक बळकट, हट्टी, शेतं चालवणाऱ्या बायकांच्या गोष्टी पाहत होते आणि पाटीवर नाव होतं कुणा यूहानीचं.

रेगिना लिन्नानहेइमो हे आणखी एक नाव. तेउवो तुलिओ नावाच्या दिग्दर्शकाच्या भडक, रडव्या, वेड्या प्रेमकथांची ती नायिका. तुलिओ आपले सिनेमे फिनिशमध्ये आणि स्वीडिशमध्ये असे दोनदा काढायचा, त्यामुळे तेच रडणं, तोच उन्माद तिला दोन भाषांत दोनदा उभा करावा लागे. त्याच्या सिनेमांच्या लेखनातही तिचा हात होता. तिलाही लोक आज काय म्हणतात? तुलिओची प्रेरणा. प्रेरणा! हा शब्द मला विषासारखा वाटतो. प्रेरणा म्हणजे जिच्याकडे पाहून दुसरा कुणी काम करतो ती. जी स्वतः पहाटे उठून प्रसंग लिहिते, पाठ करते, मग बर्फात उभी राहून तो करते, ती प्रेरणा कशी? तिला कामगार म्हणा, लेखक म्हणा, भागीदार म्हणा. प्रेरणा हा पगार न देता आभार मानायचा शब्द आहे.

तर मिर्यामी कुओस्मानेन लेखिका आहे. हे मान्य झालं असेल तर आता दुसरा अर्धा भाग.

पिरिता सामी आहे. सामी म्हणजे नॉर्वे, स्वीडन, फिनलंडचा उत्तर भाग आणि रशियाचा कोला द्वीपकल्प इथे शतकानुशतकं राहणारे मूळचे लोक. बाहेरचे त्यांना ‘लॅप’ म्हणत, आणि तो शब्द त्यांना अपमानाचा वाटतो. कुओस्मानेन सामी नव्हती. ती मध्य फिनलंडमधल्या केउरूची. सिनेमातले सामी लोक फिनिश बोलतात. त्यातला मांत्रिक गूढ आहे, त्याचा ढोल भीतीचा आहे, तिथल्या देवाला रक्त लागतं आणि तिथली बाई जन्मतःच चेटकीण आहे.

तो ढोल घ्या. सिनेमात तो थरार निर्माण करायचं साधन आहे. सामींच्या नोआइदीसाठी, म्हणजे त्यांच्या धर्मजाणत्यासाठी, तो पूजेचं साधन होता. सतराव्या-अठराव्या शतकांत मिशनरी आणि अधिकारी वस्त्यावस्त्यांतून फिरून हे ढोल जप्त करत होते, जाळत होते. १६९३ मध्ये स्वीडनमध्ये लार्स निल्सन नावाच्या सामी माणसाला आपला जुना धर्म न सोडल्याबद्दल जाळण्यात आलं. ज्या वस्तूसाठी माणसं मेली ती वस्तू पडद्यावर ‘अशुभ’ म्हणून वाजते आणि आपण पॉपकॉर्न खात शहारतो.

आणि १९५२ हे साल घ्या. सिनेमात साल सांगितलेलं नाही, तो कुठल्याशा अनादि लॅपलंडमध्ये घडतो जिथे फक्त बर्फ आहे आणि कळप. खऱ्या लॅपलंडमध्ये तेव्हा जळक्या घरांच्या जागी नवी घरं उभी राहिली होती. १९४४ च्या शरदात जर्मन सैन्य मागे हटताना त्यानं उत्तर फिनलंड पेटवत नेला होता. रोवानिएमी शहर जवळजवळ पूर्ण गेलं. पेत्सामो हा प्रदेश सोव्हिएत संघाकडे गेला, आणि तिथल्या स्कोल्ट सामींना आपली जमीन सोडून यावं लागलं. त्यांतल्या पुष्कळांची १९४९ च्या सुमारास सेवेत्तियार्वीच्या परिसरात वस्ती करून दिली गेली. म्हणजे पिरिता पडद्यावर धावत होती तेव्हा खरे सामी लोक परक्या तळ्याकाठी तिसरा-चौथा हिवाळा काढत होते.

यावर बचाव काय येतो? ‘ती बिचारी नटी, तिला जे दिलं ते तिनं केलं.’ हा बचाव करणारे बहुतेक वेळा तिचे चाहतेच असतात, आणि मला तो सगळ्यात जास्त खुपतो. कारण त्यात तिला वाचवायच्या नादात पुन्हा तीच जुनी चोरी होते. तिला जे दिलं ते तिनं केलं नाही. तिनं लिहिलं. सामींचा ढोल भीतीचं साधन करायचा निर्णय झाला तेव्हा ती टेबलाच्या त्या बाजूला होती जिथे निर्णय होतात. कौतुक करताना ‘लेखिका’ आणि प्रश्न विचारताना ‘नुसती नटी’, असं चालणार नाही. चालवायचं असेल तर मग ‘दिग्दर्शकाची पत्नी’ म्हणणाऱ्यांचंच बरोबर आहे, ते निदान सातत्यानं तिला शून्य समजतात.

दुसऱ्या टोकाला एक नवी मंडळी आहेत. त्यांना पिरिताचे सुळे आवडतात, ते चित्र टी-शर्टवर छापावं इतकं आवडतं. त्यांच्या मते हा स्त्रीवादी भयपट, पुरुषसत्तेचा सूड, विषय संपला. मला या लोकांबद्दल थोडी माया आहे कारण ते निदान तिच्याकडे पाहतात. पण सूड कुठे आहे? पिरिता मारते ते तिच्या एकटेपणाला जबाबदार नसलेल्या माणसांना, आणि प्रत्येक वेळी मारल्यावर तिच्या चेहऱ्यावर जे येतं ते विजयाचं हसू नाही. ती पुन्हा सेइताकडे धावते, हे थांबव म्हणते. लेखिकेनं तिला सुटकेचा रस्ता ठेवलेला नाही. हा सिनेमा बाईची इच्छा समजून घेतो आणि मग तिच्याच नवऱ्याच्या हातानं तिला मारतो. या दोन्ही गोष्टी एकाच पटकथेत आहेत. घोषणेत त्या मावत नाहीत, म्हणून घोषणावाले दुसरी गोष्ट सोडून देतात.

मग तिसरा गट, हळहळणारा. सत्तेचाळिसाव्या वर्षी गेली, पुढे असं काही हाती लागलं नाही, काय झालं असतं! हळहळ स्वस्त असते. आणि ती कुओस्मानेनला पुन्हा बळीच्या पाडसाच्या जागी नेऊन बांधते. तिचं काम ‘पांढऱ्या रेनडिअर’पाशी सुरूही होत नाही आणि संपतही नाही. १९४० मध्ये ‘मिएहेन तिए’मध्ये ती होती. सिल्लनपा या नोबेलविजेत्या लेखकाच्या कादंबरीवरचा हा सिनेमा. तो पुरा व्हायच्या आत दिग्दर्शक तापिओवारा हिवाळी युद्धात मारला गेला, अठ्ठाविसाव्या वर्षी, आणि ब्लोमबेर्ग व एका सहकाऱ्यानं राहिलेलं काम संपवलं. म्हणजे कुओस्मानेन आणि ब्लोमबेर्ग ‘पांढऱ्या रेनडिअर’कडे आले ते नवखे म्हणून नाही. मधे एक युद्ध, मग दुसरं युद्ध, बारा वर्षांचं काम होतं. पन्नाशीच्या दशकातही ती नवऱ्याबरोबर लिहीत राहिली. ‘कुन ओन तुन्तेएत’ हा १९५४ चा सिनेमा त्यातलाच. ही कारकीर्द आहे. दुःखद आख्यायिका नव्हे.

मला कुणी विचारलं की मग आता काय करायचं, तर माझं मागणं अगदी क्षुल्लक, कारकुनी आहे. सिनेमाबद्दल लिहिताना ‘ब्लोमबेर्गचा’ लिहायचं तर ‘ब्लोमबेर्ग आणि कुओस्मानेनचा’ लिहा. पाच शब्द वाढत नाहीत. पिरिताच्या बिछान्यातल्या एकटेपणाचं कौतुक करताना दोघांना धरा आणि ढोलाबद्दल जाब विचारतानाही दोघांना धरा. ‘पत्नी’ हा शब्द ठेवायला माझी हरकत नाही, पण मग ब्लोमबेर्गच्या माहितीतही पहिल्या ओळीत ‘लेखिका-अभिनेत्री मिर्यामी कुओस्मानेन यांचे पती’ असं येऊ द्या. वाचायला विचित्र वाटतं ना?

आणि ‘पांढरं रेनडिअर’ पाहून झाला की त्याच आठवड्यात दुसरे दोन सिनेमे पाहा. एक, निल्स गाउपचा ‘ओफेलाश’, १९८७ चा, सामी भाषेतला पहिला कथापट. त्यातही बर्फ आहे, नोआइदी आहे, ढोल आहे, पण ढोल वाजतो तेव्हा पाठीतून थंडी जात नाही, आधार वाटतो. दुसरा, कात्या गाउरिलोफचा ‘येव्विदा’, २०२३ चा. गाउरिलोफ स्वतः स्कोल्ट सामी आहे, आणि स्कोल्ट सामी भाषेतला हा पहिलाच कथापट. गोष्ट एका मुलीची, जिला शाळेत आपली भाषा टाकायला लावतात. तोही कृष्णधवल आहे. त्यातही एक बाई आहे, बर्फ आहे, आणि फिनिश लोकांनी तिच्यावर चढवलेलं एक दुसरं रूप आहे, जे ती म्हातारपणापर्यंत अंगावर वागवते.